अंगठ्याला कुलूप लावावं का? आधारच्या मोफत सोयींचा खान्देशातला हिशेब

देशातलं पहिलं आधार कार्ड खान्देशात निघालं. २९ सप्टेंबर २०१० रोजी नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली गावात वाटपाला सुरुवात झाली. तेव्हापासून इथल्या माणसाचा अंगठा कंट्रोलच्या (रेशन दुकानाच्या) मशीनवर, मिनी बँकेच्या मशीनवर, सिमकार्डाच्या दुकानात आणि पेन्शनच्या हयातीच्या दाखल्याला लागतो आहे. चोपड्याच्या किंवा साक्रीच्या बाजाराच्या दिवशी एखाद्या झेरॉक्सच्या दुकानापाशी तासभर उभं राहिलं तर आधारच्या किती प्रती हातोहात जातात ते दिसतं. देणारा ‘कशाला हवी’ असं विचारत नाही, घेणाराही सांगत नाही.

या देवाणघेवाणीला आवर घालायला आधार प्राधिकरणानं, म्हणजे यूआयडीएआयनं, काही सोयी फुकट दिल्या आहेत: मास्क्ड (क्रमांक झाकलेलं) आधार, बायोमेट्रिक लॉक (बोटं, बुबुळं आणि चेहऱ्याला कुलूप), व्हीआयडी (पर्यायी क्रमांक), आधार क्रमांकाचं लॉक आणि वापराचा इतिहास. पुण्यामुंबईत त्या कशा चालतात हा प्रश्न वेगळा. रावेर-यावलच्या केळीपट्ट्यात, शिरपूर-शहाद्याच्या गावांत आणि धडगाव-अक्कलकुव्याच्या डोंगरात त्या कितपत कामाच्या आहेत, ते इथं पाहू. निवाडा आधीच सांगून टाकतो: मास्क्ड आधार प्रत्येकानं आजच काढावं, बायोमेट्रिक लॉक घरातल्या सगळ्यांना एकदम लावू नये, आणि क्रमांकाच्या लॉकच्या फंदात बहुतेकांनी पडू नये.

मास्क्ड आधार

हे नेहमीचंच ई-आधार, फक्त बारा आकड्यांपैकी पहिले आठ झाकलेले आणि शेवटचे चार दिसणारे. नाव, फोटो, पत्ता सगळं तसंच. काढायला पाच मिनिटं लागतात. मायआधार पोर्टल उघडायचं (पत्त्याचा शेवट ‘यूआयडीएआय डॉट गव्ह डॉट इन’ असाच आहे ना ते पाहायचं, त्याच्यासारख्या दिसणाऱ्या साइट बऱ्याच आहेत), आधार क्रमांक आणि कॅप्चा टाकायचा, मोबाइलवर आलेल्या ओटीपीनं लॉगिन करायचं आणि ‘डाउनलोड आधार’वर जायचं. तिथं ‘मास्क्ड आधार हवं का’ अशी एक छोटी चौकट असते. ती आपण होऊन टिक करावी लागते. लोक चुकतात ते नेमकं इथंच. टिक राहिली की पूर्ण क्रमांकाची फाइल उतरते आणि माणूस तीच मास्क्ड समजून पुढे पाठवतो. म्हणून फाइल उघडून आकडे डोळ्यांनी पाहिल्याशिवाय कुणाला देऊ नये.

फाइलला पासवर्ड असतो: नावाची पहिली चार इंग्रजी अक्षरं कॅपिटलमध्ये आणि लगेच जन्मवर्षाचे चार आकडे. मधे जागा नाही. अडतं कुठं? आपल्याकडे बऱ्याच कार्डांवर आडनाव आधी छापलेलं आहे. कार्डावर ‘पाटील सुरेश’ असं असेल तर पासवर्डात ‘सुरेश’ची नाही, ‘पाटील’ची पहिली चार अक्षरं येतात. कार्डावरचं पूर्ण नावच तीन इंग्रजी अक्षरांचं असेल तर तीनच घ्यायची. आणि जन्मवर्ष कार्डावर जे आहे तेच. शाळेच्या दाखल्यावरचं वर्ष वेगळं असलं तरी इथं ते चालत नाही.

दुसरी अडचण काउंटरवर येते. प्रिंटवर सहीच्या जागी पिवळं प्रश्नचिन्ह दिसतं आणि समोरचा म्हणतो, ‘हे व्हॅलिड नाही.’ कार्डात खोट नसते. डिजिटल सही तपासून घेतलेली नसते, एवढंच. संगणकावर अ‍ॅडोबी रीडरमध्ये फाइल उघडून त्या सहीवर क्लिक केलं, प्रमाणपत्राला विश्वासार्ह म्हणून मान्यता दिली आणि सही पुन्हा तपासली की हिरवी खूण येते. मग प्रिंट काढावी. मोबाइलवर हे जमत नाही, त्यामुळे पहिल्या वेळी तरी संगणक लागतो.

कुठं चालतं? लॉजवर खोली घेताना, भाडेकरारावेळी घरमालकाला, कुरियरला, ट्रॅक्टर किंवा दुचाकीच्या एजंटला, क्लासच्या प्रवेशाला, म्हणजे जिथं ‘तुम्ही तुम्हीच आहात’ एवढंच पाहायचं असतं तिथं सगळीकडे चालायला हवं. कर्ज देणाऱ्या कंपन्या आणि बँकांना तर रिझर्व्ह बँकेच्या केवायसी नियमातच सांगितलेलं आहे की जिथं आधारची प्रत्यक्ष पडताळणी करायची नाही, तिथं प्रतीवरचा क्रमांक झाकलेला असला पाहिजे. बचतगटाच्या कर्जासाठी गावात येणाऱ्या माणसाला हे शांतपणे सांगता येतं: ‘भाऊ, नंबर झाकलेली प्रत घ्या, नियम तुमच्याच बँकेचा आहे.’

कुठं चालत नाही तेही सांगितलं पाहिजे. रेशन, पीएम किसान, लाडकी बहीण, शिष्यवृत्ती यांसारख्या सरकारी पैशाच्या योजनांना कायद्यानुसार आधार मागता येतं, आणि तिथं पूर्ण क्रमांक लागतो. पीएफला लागतो. तिथं हुज्जत घालण्यात वेळ जातो, हाती काही येत नाही.

एक मर्यादा कुणी सांगत नाही. मास्क्ड आधारवरच्या क्यूआर कोडमध्ये पूर्ण क्रमांक नसतो, पण नाव, जन्मतारीख, पत्ता आणि फोटो असतात. म्हणजे क्रमांक झाकला जातो, माणूस झाकला जात नाही. ज्याला पत्ताही द्यायचा नाही त्यानं मतदार ओळखपत्राचा किंवा लायसन्सचाही विचार करू नये, कारण त्यांवरही पत्ता असतोच. पॅन कार्डावर पत्ता नसतो. जिथं चालेल तिथं ते पुढे करावं.

२७ मे २०२२ ला यूआयडीएआयच्या बंगळुरू कार्यालयानं ‘आधारची झेरॉक्स कुणालाही देऊ नका, मास्क्ड वापरा’ असं पत्रक काढलं आणि दोनच दिवसांत केंद्राच्या आयटी मंत्रालयानं ते मागे घेतलं, लोकांचा गैरसमज होईल म्हणून. त्या माघारीनं मोठं नुकसान केलं. सल्ला योग्य होता. आजही काउंटरवरचा माणूस ‘ते पत्रक रद्द झालं’ म्हणतो. पत्रक रद्द झालं, मास्क्ड आधार रद्द झालेलं नाही.

झेरॉक्सवाल्याचं व्हॉट्सअ‍ॅप

मास्क्ड आधार काढूनही सगळं पाणी जिथं गळतं ती जागा ही. दुकानाच्या भिंतीवर नंबर चिकटवलेला असतो, ‘फाइल या नंबरवर पाठवा’. पाठवली की ती दुकानाच्या मोबाइलमध्ये, तिथून व्हॉट्सअ‍ॅप वेबवरून संगणकाच्या डाउनलोड फोल्डरमध्ये, आणि तुमच्या नंबरासकट चॅटमध्ये राहते. तुम्ही ‘डिलीट फॉर एव्हरीवन’ केलं तरी डाउनलोड झालेली प्रत तशीच राहते. दुकानदाराच्या मनात काही वाईट असतं असं नाही. दिवसाला शंभर फाइली येतात, कोण पुसत बसणार? पण त्याच संगणकावर दिवसभर पाच पोरं बसतात आणि पेन ड्राइव्ह लावतात.

यावर उपाय सोपा आहे. मास्क्ड आधारच्या दहा-पंधरा प्रती एकदाच काढून घरी ठेवाव्यात. त्या वेळी फाइल तिचा पासवर्ड न काढता, बंदच पाठवायची, पासवर्ड दुकानदाराला न सांगता आपण स्वतः टाकायचा, प्रिंट झाली की डाउनलोड फोल्डरमधून आणि रिसायकल बिनमधून फाइल आपल्या समोर पुसून घ्यायची. पासवर्ड काढून टाकलेली दुसरी प्रत ‘सेव्ह’ होत नाही ना, तेवढं पाहायचं. पुढे प्रत देताना तिच्यावर निळ्या शाईनं आडवं लिहायचं: कशासाठी, कुणाला, तारीख, आणि सही फोटोवरून जाईल अशी. ‘फक्त भाडेकरारासाठी’ असं लिहिलेली प्रत सिमकार्डाला वापरणं अवघड जातं.

बायोमेट्रिक लॉक

सगळ्यांत कामाची आणि सगळ्यांत अडचणीची सोय हीच, म्हणून इथं जरा थांबू.

आधी धोका कुठं आहे ते कळायला हवं. मिनी बँकेत, म्हणजे बँक मित्राकडे अंगठा लावून पैसे काढतात त्या व्यवस्थेला एईपीएस म्हणतात. तिला तीनच गोष्टी लागतात: बँकेचं नाव, आधार क्रमांक आणि बोटाचा ठसा. एटीएमसारखा पिन नाही, ओटीपी नाही. एका वेळी दहा हजार रुपयांपर्यंत रक्कम निघते. ज्या गावातून बँकेची शाखा वीस किलोमीटरवर आहे तिथं ही व्यवस्था वरदान आहे यात शंका नाही. म्हातारं माणूस स्लिप न भरता, सही न करता स्वतःचे पैसे स्वतः काढतं.

आता जमिनीच्या खरेदीखताचा संच डोळ्यांपुढे आणा. त्यात देणाऱ्या-घेणाऱ्याचे अंगठ्यांचे ठसे असतात, मागे आधारची झेरॉक्स जोडलेली असते, आणि बरेचदा चेकची प्रतही. एईपीएसला लागणाऱ्या तिन्ही गोष्टी एकाच स्टेपलमध्ये. तो संच दलालाकडे, झेरॉक्सच्या दुकानात, नातेवाइकांच्या मोबाइलमध्ये फिरतो. कागदावरच्या ठशावरून बनावट ठसा तयार करून परराज्यात बसून पैसे काढल्याची प्रकरणं देशात घडलेली आहेत. त्यानंतर ठसा जिवंत बोटाचा आहे का ते ओळखणारी तपासणी आणि नव्या पद्धतीची एल-वन मशीनं आली. त्यानं धोका कमी झाला, संपला नाही. म्हणून संचातल्या झेरॉक्सवर क्रमांक झाकलेला असावा असा आग्रह धरावा. तीनपैकी एक गोष्ट तिथंच तुटते.

बायोमेट्रिक लॉक दुसरी गोष्ट तोडतं. मायआधारमध्ये लॉगिन करून ‘लॉक / अनलॉक बायोमेट्रिक्स’वर जायचं, खालच्या संमतीच्या चौकटीत टिक करायची आणि पुढे जायचं. झालं. बोटं, डोळ्यांची बुबुळं आणि चेहरा तिन्ही बंद होतात. ओटीपी मात्र चालू राहतो, म्हणजे ओटीपीवर होणारी ई-केवायसी अडत नाही. हे फार महत्त्वाचं आहे, कारण ‘लॉक केलं की सगळं आधार बंद पडतं’ अशी समजूत गावोगाव आहे आणि ती चुकीची आहे. उघडायचं तर त्याच जागी दोन पर्याय येतात: थोड्या वेळापुरतं उघडा किंवा कुलूप कायमचं काढा. पहिल्यात कुलूप आपोआप परत लागतं.

मशीनवर काय दिसतं? लॉक असेल तर ३३० हा एरर कोड येतो. ठसा जुळला नाही तर ३००. हे दोन आकडे ध्यानात ठेवावेत, कारण मशीनवरचा माणूस दोन्ही वेळा एकच वाक्य बोलतो: ‘आबा, आखो एकदाव (आणखी एकदा) लावा.’ ३३० असेल तर शंभरदा लावूनही उपयोग नाही, आधी कुलूप उघडावं लागेल. ३०० असेल तर बोटाकडे पाहा.

आणि इथं केळीपट्ट्याचं वेगळं दुखणं सुरू होतं. घड कापणाऱ्या माणसाच्या बोटांना केळीचा चीक लागतो, तो सुकून काळा पडतो आणि अंगठ्याच्या रेषांमध्ये बसतो. नुसत्या पाण्यानं निघत नाही. कापूस वेचणाऱ्या बायांच्या बोटांना बोंडाच्या टोकांचे ओरखडे असतात. विटभट्टीवर तर रेषाच झिजतात. अशा हातांसाठी काही गोष्टी खरोखर उपयोगी पडतात: आदल्या रात्री बोटांना खोबरेल तेल चोळून सकाळी साबणानं धुणं, बोट पूर्ण कोरडं करणं, मशीनची काच कोरड्या फडक्यानं पुसायला सांगणं, आणि अंगठ्याऐवजी मधलं किंवा अनामिका लावून पाहणं. दहाही बोटं नोंदवलेली असतात, अंगठाच लावला पाहिजे असं कुठंही नाही. हिवाळ्यात कोरडं पडलेलं बोट कपाळावर हलकेच फिरवून लावलं तर ठसा पुष्कळदा उमटतो.

आता मुख्य प्रश्न, कुणी लॉक लावावं? रेशनच्या मशीनवर अंगठा लागतो आणि लॉक असेल तर धान्य मिळत नाही. धान्य घ्यायला आलेल्या बाईनं रांगेत उभं राहून मोबाइलवर लॉगिन करावं, ओटीपी मागवावा, तात्पुरतं उघडावं अशी अपेक्षा करणं म्हणजे तिची चेष्टा आहे. मोबाइल नवऱ्याकडे, नवरा शेतात.

पण एक वाट आहे आणि ती फारशी कुणी सांगत नाही. रेशनकार्डावरच्या ज्या ज्या सदस्याचं आधार जोडलेलं आणि ई-केवायसी झालेलं आहे, त्यांपैकी कुणीही एक जण अंगठा लावून धान्य घेऊ शकतो. म्हणून घरातल्या एका किंवा दोन सदस्यांचं बायोमेट्रिक उघडं ठेवायचं आणि बाकीच्यांचं बंद करायचं. उघडा कोण राहील? ज्याच्या बँक खात्यात फार पैसे नसतात आणि ज्याची बोटं मशीनवर पटकन जुळतात तो. बंद कुणाचं? ज्याच्या खात्यात केळीच्या मालाचे, कर्जाचे किंवा पगाराचे पैसे येतात त्याचं. पाच जणांच्या घरात चार अंगठ्यांना कुलूप आणि एक रेशनसाठी मोकळा, ही मांडणी सुरक्षितही आहे आणि सोयीचीही. फक्त घरात कुणाचं ई-केवायसी बाकी असेल तर ते आधी उरकून घ्यावं. मोबाइलवरून चेहरा दाखवून रेशनची केवायसी करणारं ‘मेरा ई-केवायसी’ अ‍ॅपसुद्धा लॉक असताना चालणार नाही, कारण चेहराही बंद असतो.

नंदुरबारहून ऊसतोडीला गुजरातेत जाणाऱ्या कुटुंबांनी मात्र लॉक लावू नये. परगावी रेशन अंगठ्यावरच मिळतं आणि गाठीचे पैसेही पुष्कळदा अंगठ्यावरच निघतात. तिथं कुलूप उघडता आलं नाही तर उपाशी राहायची वेळ येईल. त्यांच्यासाठी दुसरा उपाय आहे: काही बँका लेखी अर्जावर खात्यातून एईपीएसनं पैसे काढणं बंद करून देतात. ज्या खात्यात शिल्लक साठवायची त्यावर ते बंद करून घ्यावं आणि रोजच्या खर्चाचं छोटं खातं चालू ठेवावं. शाखेत विचारताना ‘आधारवरून पैसे निघणं बंद करा’ असं स्पष्ट मराठीत सांगावं. नुसतं ‘आधार काढा’ म्हटलं तर ते योजनेच्या पैशाची जोडणीच तोडून बसतील.

याच्याशीच जोडलेली एक चुकीची समजूत. पोर्टलवर ‘बँक सीडिंग स्टेटस’ दिसतं, तिथं एकच बँक दिसते. ती फक्त योजनांचे पैसे जिथं येतात ती बँक. तुमचं आधार जोडलेली बाकीची खाती, जुनं जनधन, जिल्हा बँकेचं, कर्जाचं, तिथं दिसत नाहीत, आणि एईपीएसनं पैसे त्या खात्यांतूनही निघू शकतात. प्रत्येक पासबुक काढून त्या त्या शाखेत विचारणं हाच मार्ग.

मशीनसमोर बसल्यावरची सावधगिरी लॉकपेक्षाही कामाची आहे. बोट ठेवण्याआधी पडद्यावर काय लिहिलंय ते वाचायचं, ‘बॅलन्स’ की ‘विड्रॉल’, आणि रक्कम किती. ‘फेल गेलं, परत लावा’ असं म्हटलं की फेल गेल्याची स्लिप मागायची. स्लिप नाही तर दुसरं बोट नाही. सिमकार्डाच्या दुकानात हीच युक्ती दुसऱ्या सिमसाठी वापरली जाते. एक ठसा ‘फेल’, दुसरा ‘पास’, आणि तुमच्या नावावर दोन सिम. आपल्या नावावर किती नंबर चालू आहेत ते दूरसंचार खात्याच्या संचार साथी पोर्टलवर फुकट दिसतं. अनोळखी नंबर तिथूनच कळवता येतो. बाकी सिमसाठी आधारच दिलं पाहिजे अशी सक्ती नाही. सर्वोच्च न्यायालयानं २६ सप्टेंबर २०१८ च्या निकालात मोबाइल आणि बँक खातं दोन्हींसाठी आधारची सक्ती मोडीत काढली. दुकानदार आधार मागतो कारण त्यानं त्याचं काम लवकर होतं.

व्हीआयडी आणि क्रमांकाचं लॉक

व्हीआयडी म्हणजे आधार क्रमांकाऐवजी देता येणारा सोळा आकडी पर्यायी क्रमांक. २०१८ मध्ये आला. हवा तेव्हा नवा काढता येतो, नवा काढला की जुना निकामी. त्यावरून मूळ आधार क्रमांक शोधता येत नाही. कल्पना उत्तम आहे. काढायची पद्धत तर डोंगरातल्या माणसासाठी सगळ्यांत सोयीची, कारण इंटरनेट लागत नाही. आधारला जोडलेल्या मोबाइलवरून यूआयडीएआयच्या १९४७ या नंबरला एसएमएस करायचा: इंग्रजी कॅपिटलमध्ये ‘जीव्हीआयडी’, एक जागा, आधारचे शेवटचे चार आकडे. विसरला तर ‘आरव्हीआयडी’ आणि तेच चार आकडे. तोरणमाळच्या घाटात डेटा चालत नसला तरी एक दांडी रेंज असली की एसएमएस जातो. एकाच मोबाइलवर घरातली दोन कार्डं असतील आणि दोन्हींचे शेवटचे चार आकडे सारखे निघाले, तर आठ आकडे टाकावे लागतात. एसएमएस जात नसेल तर आधी रिचार्ज पाहा. स्वस्तातल्या काही पॅकमध्ये एसएमएस नसतातच.

पण व्हीआयडी घेतंय कोण? काउंटरवर सोळा आकडे सांगितले की समोरचा म्हणतो, ‘चार आकडे जास्तीचे आहेत.’ ज्या सोयीला घेणारी बाजू तयार नाही ती कागदावरच राहते.

क्रमांकाचं लॉक व्हीआयडीवरच उभं आहे. ते लावलं की आधार क्रमांकानं होणारी पडताळणी, बोटाची असो वा ओटीपीची, सगळीच थांबते, फक्त व्हीआयडी चालतो. लावायला ‘गेटओटीपी’ आणि चार आकडे १९४७ ला पाठवायचे, सहा आकडी ओटीपी आला की ‘लॉकयूआयडी’, चार आकडे, ओटीपी. उघडताना मात्र व्हीआयडीचे शेवटचे सहा आकडे लागतात. लोकांचा घोळ होतो तो इथं: व्हीआयडी कुठंच लिहून ठेवलेला नसतो. योजनांची नोंदणी, शेतकरी ओळख क्रमांक, रेशन सगळं आधार क्रमांकावर चालतं, त्यामुळे शेतकरी कुटुंबाला हे लॉक रोज नडेल. परदेशी राहणाऱ्या मुलांसाठी किंवा ज्यांना कुठलीच योजना लागत नाही त्यांच्यासाठी ठीक. बाकीच्यांना नको. बायोमेट्रिक लॉक लावताना चुकून हे लावू नये, नावं सारखी आहेत.

इतिहास आणि नवं अ‍ॅप

मायआधारवरच्या ‘ऑथेंटिकेशन हिस्टरी’त गेल्या सहा महिन्यांतल्या जास्तीत जास्त पन्नास पडताळण्या दिसतात: तारीख, वेळ, बोट की ओटीपी, कुठल्या संस्थेनं केली, यशस्वी की नाही. महिन्याच्या पहिल्या आठवड्यात दोन मिनिटं पाहावं. रेशन ज्या तारखेला घेतलं ती नोंद ओळखून घ्यावी, बँक मित्राकडची ओळखावी, आणि उरलेली अनोळखी नोंद असेल तर तिच्या तारखेवर बोट ठेवून पासबुक तपासावं.

नोव्हेंबर २०२५ मध्ये आलेलं नवं ‘आधार’ अ‍ॅप जेवढी माहिती हवी तेवढीच दाखवू देतं, म्हणजे फक्त नाव आणि फोटो, पत्ता नाही. दिशा बरोबर आहे. पण त्याला चांगला कॅमेरा असलेला स्मार्टफोन, इंटरनेट आणि क्यूआर स्कॅन करणारा समोरचा माणूस, तिन्ही लागतात. जळगावच्या एखाद्या हॉटेलात जमेल, पारोळ्याच्या आठवडे बाजारात अजून नाही.

मुळाशी असलेला मोबाइल नंबर

वर सांगितलेलं सगळं एका गोष्टीवर उभं आहे: आधारला तुमचाच, चालू असलेला नंबर जोडलेला हवा. सुरुवातीच्या शिबिरांत अनेकांनी भाच्याचा, शेजाऱ्याचा, नाहीतर नोंदणी करणाऱ्याचाच नंबर दिला. तो ओटीपी आजही तिकडेच जातो. बंद पडलेला नंबर नव्वद दिवसांनंतर कंपनी दुसऱ्याला देऊ शकते, म्हणजे तुमच्या आधारचा ओटीपी अनोळखी माणसाच्या खिशात. पोर्टलवर ‘व्हेरिफाय मोबाइल’मध्ये आपला नंबर टाकून तो जुळतो का ते आधी पाहावं. जुळत नसेल तर बँकेतल्या किंवा पोस्टातल्या आधार केंद्रावर जाऊन बदलावा. १ ऑक्टोबर २०२५ पासून त्याचं शुल्क ७५ रुपये आहे. जास्त मागितले तर पावती मागा आणि १९४७ वर मराठीतून तक्रार नोंदवा. पावतीवरचा यूआरएन, म्हणजे बदलाच्या अर्जाचा क्रमांक, जपून ठेवा, काम झालं की नाही ते त्यावरूनच कळतं.

पैसे गेलेच तर

आधी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करायचा. जितका लवकर, तितकी रक्कम पुढच्या खात्यात अडवली जाण्याची शक्यता जास्त. त्याच दिवशी बायोमेट्रिक लॉक लावायचं, कारण एकदा निघालेला ठसा लागोपाठ पुन्हा वापरतात. मग शाखेत लेखी तक्रार: व्यवहाराची तारीख, रक्कम, पासबुकातली नोंद, त्या वेळी आपण कुठं होतो, आणि इतिहासातल्या त्या नोंदीची प्रिंट. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, चूक ग्राहकाचीही नाही आणि बँकेचीही नाही अशा व्यवहारात बँकेकडून कळल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत तक्रार केली तर ग्राहकावर एक रुपयाचाही भार येत नाही. चौथ्या ते सातव्या दिवसापर्यंत काही भार येऊ शकतो. दिवस मोजायला पुरावा लागतो, म्हणून अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर शाखेचा शिक्का, तारीख आणि सही घ्यायची. ‘साहेब जेवायला गेलेत, उद्या या’ असं सांगितलं तर अर्ज शाखेच्या अधिकृत ईमेलवर तिथंच उभं राहून पाठवायचा. त्या ईमेलची वेळ हीच तुमची पोच.